कात्रीचा इतिहास कोण लिहिणार?

कोल्हापुरात खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा स्तंभ उभा आहे. बाबूराव पेंटर या मिस्त्री घराण्यातल्या कलावंताने कॅमेरा घडवला आणि १९२० साली 'सैरंध्री' पडद्यावर आणला, त्याची ती आठवण. या गावाला हाताच्या कारागिरीची कदर आहे, असे आपण अभिमानाने म्हणतो. परंतु चित्रपटांचे इतिहास चाळले की दिग्दर्शक आणि नट ठळक दिसतात. फिल्म कापणारे, जोडणारे हात क्वचितच. कॅमेऱ्याला स्तंभ मिळाला, कात्री अडगळीत राहिली. म्हणून येथे एका संकलकाची हकीकत मांडतो.

वामन भोसले यांचा जन्म १९३२ साली गोव्यातला. तेथे पोर्तुगीजांचा अंमल असतानाच, १९५२ मध्ये, ते कामाच्या शोधात मुंबईस आले. बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली त्यांनी संकलनाचे धडे गिरवले. नंतर फिल्मिस्तानमध्ये ते बारा वर्षे सहायक होते. राज खोसलांच्या 'दो रास्ते'ने (१९६९) त्यांना स्वतंत्र संधी दिली. पुढे गुरुदत्त शिराळी यांच्या जोडीने त्यांनी 'मेरा गाँव मेरा देश' (१९७१), 'आँधी' (१९७५) असे अनेक चित्रपट जुळवले. २०२१ साली ते वारले.

आमच्या घरात पदवी प्रथम माझ्या वाट्याला आली. तिचे मोल मी जाणतो. पण ज्ञान पदवीच्या कागदातच नांदते हे मला मान्य नाही. पस्तीस मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात सोळा चित्रे असतात आणि बोलपटात सेकंदाला चोवीस चित्रे सरकतात. त्यातली कोणती ठेवायची, कोणती टाकायची, हा निर्णय बुद्धीचा आहे. हात आणि बुद्धी यांची फारकत करून हाताला खालची पायरी देणे हा आपल्या समाजाचा जुना रोग आहे. संकलकाची उपेक्षा त्याच रोगाचे लक्षण होय.

भोसले यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो 'इन्कार'साठी (१९७७). त्यात गुंड बूट कारखानदाराचा मुलगा समजून नोकराचा मुलगा पळवतात. मग प्रश्न उभा राहतो : नोकराच्या पोरासाठी मालकाने खंडणी द्यावी काय? कारखानदार झाले होते डॉ. श्रीराम लागू. अशा प्रसंगी मालकाचा चेहरा पडद्यावर किती वेळ राहील आणि नोकराचा किती, याचा हिशेब शेवटी कात्रीपाशी होतो. कोणाच्या दुःखाला किती फूट फिल्म द्यायची, हा प्रश्न आपल्याला परका नाही.

भोसले यांना मी कोणत्याही जातीच्या खात्यात मांडत नाही. माझा मुद्दा श्रमाच्या प्रतिष्ठेचा आहे. तरीही एक गोष्ट विसरता येत नाही. पदवी न विचारणारा धंदा ओळख विचारतो. जेथे शिफारशीवर उमेदवारी मिळते, तेथे वस्तीतला पोरगा कितीही हुशार असो, दाराबाहेरच राहतो. सतरा वर्षे खपण्याची तयारी पुरत नाही. आधी कोणीतरी आत घ्यावे लागते.

कोल्हापूरच्या स्टुडिओंत काम केलेले सहायक, रसायनशाळेतले कामगार, फिल्म जोडणारे यांच्या आठवणी आपण वेळीच लिहून घेतल्या पाहिजेत. त्यांच्यापैकी किती जण आपल्या वस्तीतून आले आणि किती जण दारातून परतले, हेही विचारले पाहिजे. प्रस्थापितांचा इतिहास त्यांना वगळून पुरा झाला असेल. आपला होऊ शकत नाही.