फुगलेल्या आम्लेटाचे गुपित

आषाढ सरण्यापूर्वी, म्हणजे श्रावणाचा निर्बंध लागण्याच्या आत, आपल्या मंडळाच्या पाकक्रियेच्या वर्गात मी भरलेले आम्लेट करून दाखवले. तव्यावर ते चांगले दोन बोटे फुगले, तेव्हा मागच्या रांगेतून पहिला प्रश्न आला, “सोडा किती घातलात?” मी म्हटले, सोडा नाही. मग एकीला दह्याची शंका आली, दुसरीला मैद्याची. मी मीठ, मिरी आणि अंडी एवढीच नावे सांगितली, तेव्हा एक वयस्कर भगिनी हसून म्हणाल्या, “सांगायचे नसेल तर राहू द्या हो!”

त्यांचा मला मुळीच राग आला नाही. कारण हाच प्रश्न, आणि हाच अविश्वास, दूर फ्रान्समधल्या एका बाईच्या वाट्याला जन्मभर आला होता. स्मरणिकेसाठी काही लिहा असे चिटणीसबाईंनी सांगितले, तेव्हा त्या बाईची हकीकत लिहावी असे मी ठरवले.

आधी थोडे आम्लेटाविषयी. हा शब्द आपल्याकडे इंग्रजांबरोबर आला, पण मूळचा तो फ्रेंच. धातूच्या पातळ पात्याला जो जुना फ्रेंच शब्द आहे, त्यापासून तो झाला असे कोशकार सांगतात. म्हणजे नावाप्रमाणे पाहिले तर आम्लेट पातळ पत्र्यासारखे असायचे. 1651 साली ला व्हारेन नावाच्या आचाऱ्याने फ्रेंच पाकशास्त्राचा एक मोठा ग्रंथ छापला, त्यात हा पदार्थ आहे. पुढे 1825 साली ब्रिया-सावारँ या न्यायाधीशाने खाण्यापिण्यावर एक पुस्तक लिहिले. त्यात एका पाद्रीबाबांच्या घरच्या आम्लेटाची कृती आहे. अंडी 12, त्यात दोन कार्प माशांची पांढरी गाबोळी आणि अंड्याएवढा ट्यूना माशाचा तुकडा, लोण्यावर परतून. तेव्हा आम्लेटात काही भरणे ही आजकालची टूम नव्हे, हे उघड आहे. मात्र पातळ पत्र्याला उशीसारखे फुगवून जगप्रसिद्ध केले ते एका खेडवळ खानावळीतल्या बाईने.

तिचे नाव आनेत. तिचा जन्म 1851 साली नव्हेर या गावी झाला. एदुआर कोरवाये या वास्तुशास्त्रज्ञाच्या घरी ती कामाला होती. 1872 साली मों सां मिशेल येथील जुन्या मठाच्या दुरुस्तीचे काम सरकारने कोरवाये यांच्याकडे सोपवले, आणि मालकाच्या बिऱ्हाडाबरोबर आनेतही तेथे गेली.

ही जागा नॉर्मंडीच्या किनाऱ्यावर आहे. समुद्रात एक खडक, खडकावर मठ, मठाच्या पायथ्याशी एकच अरुंद गल्ली आणि तिच्या दोन्ही अंगांना घरे. आपल्या कोकणातल्या भगिनींना भरती-ओहोटी ठाऊक आहे. पण तेथे उधाणाच्या दिवशी दोन्हींतला फरक 14 मीटरच्या घरात जातो. ओहोटी लागली की कोसभर वाळू उघडी पडते, आणि भरती आली की खडकाचे बेट होते. त्या मठाचा पूर्वी तुरुंग केलेला होता, तो 1863 साली बंद झाला. त्यानंतर भाविक आणि प्रवासी पुन्हा येऊ लागले.

आनेतने 1873 साली तेथल्याच व्हिक्टर पुलार या भटारखानेवाल्याच्या मुलाशी लग्न केले, आणि दोघांनी खानावळ चालवायला घेतली. आता त्या खानावळीची अडचण पाहा. पाहुणा घड्याळाप्रमाणे यायचा नाही, समुद्राप्रमाणे यायचा. वाळू तुडवत, गार वाऱ्यात कुडकुडत, कधी सकाळी दहाला तर कधी दुपारी चारला माणसे दारात उभी राहत. त्यांना भरती येण्याआधी परतायची घाई असे. मांस शिजायला दोन तास लागणार. तोवर उपाशी माणसाला बसवून ठेवायचे कसे? अवेळी आलेल्या पाहुण्यांपुढे आपण पोहे ठेवतो, तसे आनेतबाईने आम्लेट ठेवले. अंडी घरात असतच, चुलीत लाकडे पेटलेली असत. लांब दांड्याचा तवा जाळावर धरायचा आणि पाच-सात मिनिटांत पाहुण्याच्या पुढे गरम घास. पुढचे जेवण होईपर्यंत त्याचा जीव शांत.

1879 साली किनाऱ्यापासून खडकापर्यंत बंधारा झाला आणि गर्दी वाढली. (हा बंधारा आता नाही, 2014 साली त्याच्या जागी पूल झाला.) 1888 साली पुलार दांपत्याने आपली नवी खानावळ उघडली आणि तिच्या नावातच आम्लेट घातले. लोक आनेतला ‘मेर पुलार’, म्हणजे पुलारआई, म्हणू लागले. मठ पाहायला आलेला माणूस आम्लेट खाऊन जाई, आणि काही तर आम्लेट खायला येऊन जाता जाता मठ पाहत!

आणि मग तर्क सुरू झाले. कोणी म्हणे, ती त्यात साय घालते. कोणी म्हणे, हंसाचे काळीज घालते. कोणी म्हणे, तिच्या कोंबड्याच निराळ्या जातीच्या आहेत. पुलार दांपत्याने 1906 साली धंद्यातून अंग काढून घेतले तरी चर्चा थांबली नाही. शेवटी 1922 साली पॅरिसच्या एका गृहस्थाने तिलाच पत्र घालून विचारले. तिने साधे उत्तर पाठवले. त्याचा मथितार्थ असा की, चांगली अंडी फोडावीत, ती चांगली फेसावीत, तव्यात लोण्याचा चांगला गोळा टाकावा, त्यावर अंडी ओतावीत आणि तवा सतत हलवत राहावे. संपले. 1931 साली ती वारली. त्या बेटावरच तिची समाधी आहे. पण ‘म्हातारीने गुपित सांगितलेच नाही’ असे म्हणणारे तिच्यामागेही उरले.

मला वाटते, तिने गुपित लपवले नव्हतेच. ‘चांगली फेसावीत’ या दोन शब्दांत तिने सारे सांगून टाकले होते. वाचणाऱ्याचे लक्ष मात्र जिन्नसांकडे होते.

त्या खानावळीत आजही तांब्याच्या खोल भांड्यात तारेच्या रवीने अंडी फेसतात आणि तिचा खटखट ताल गल्लीत ऐकू येतो. अंड्याच्या पांढऱ्या बलकात दहातले नऊ भाग पाणी आणि जवळजवळ एक भाग प्रथिन असते. फेसताना त्या प्रथिनाच्या गुंडाळ्या उलगडतात आणि हवेच्या बुडबुड्यांभोवती त्यांचे जाळे तयार होते. तव्यावर बुडबुड्यांतली हवा तापून फुगते, आणि तेवढ्यात ते जाळे शिजून घट्ट होते. म्हणून आम्लेट उभे राहते. तांब्याच्या भांड्याचे म्हणाल, तर अमेरिकेतील हॅरल्ड मॅक्गी आणि त्यांच्या दोन सहकाऱ्यांनी 1984 साली ‘नेचर’ या शास्त्रीय नियतकालिकात दाखवून दिले की, तांब्याचा अंश बलकातल्या एका प्रथिनाशी जोडला जातो आणि फेस अधिक टिकाऊ होतो. हे कारण कळण्याच्या किती आधीपासून आचाऱ्यांचे हात तांब्याचेच भांडे उचलत होते!

आपल्या घरी तांब्याचे भांडे व लाकडाचा जाळ नसला तरी अडत नाही. मी करते ती रीत अशी. दोन माणसांना तीन अंडी घ्यावीत. पांढरे व पिवळे वेगळे करावे. पांढऱ्यात पिवळ्याचा टिपूसही पडू देऊ नये, आणि भांड्याला तेलाचा हातही नसावा, कारण स्निग्ध पदार्थ फेस धरू देत नाही. पांढऱ्यात लिंबाचे दोन थेंब टाकून फेसायला घ्यावे. रवी उचलली की शेंडा उभा राहून किंचित वाकला पाहिजे, तेथे थांबावे. त्याहून पुढे गेल्यास फेस कोरडा होऊन फुटतो. पिवळ्यात मीठ, मिरपूड आणि चमचाभर दूध घालून ढवळावे व ते फेसात अलगद, खालून वर असे, मिसळावे. येथे घाई करणारीचे आम्लेट बसलेच म्हणून समजा.

सारण मात्र या सगळ्याच्या आधी तयार हवे, कारण फेस कोणासाठी थांबत नाही. कांदा, टोमॅटो, हिरवी मिरची, कोथिंबीर परतून पाणी पूर्ण आटवावे. ओले सारण आम्लेटाला खाली ओढते. तीन-चार चमचे पुरे. पसरट तव्यात लोणी विरघळले की मिश्रण ओतून मंद आचेवर झाकण ठेवावे. दोन-तीन मिनिटांनी वरचा ओलसरपणा गेला की अर्ध्या भागावर सारण पसरून दुसरा अर्धा भाग वर मिटावा. क्षणभर ठेवून लगेच वाढावे. खाणारा पाटावर बसलेला असावा. आम्लेटाने त्याची वाट पाहता कामा नये. पुलारबाईच्या पाहुण्यांनाही हा नियम होताच.

आता जी गोष्ट सांगण्यासाठी हे सारे लिहिले, ती सांगते. आमच्या सासूबाई अंड्याला शिवत नसत. अंड्याचा तवा वेगळा, आणि तो मागच्या पडवीत. पण त्यांचे दहीवडे असे असत की जिभेवर ठेवताच विरावेत. मी नवी होते तेव्हा हौसेने वहीत उतरवून घेतले. उडदाची डाळ दोन वाट्या, आले, मिरी, मीठ. त्या गेल्यानंतरच्या पहिल्या दिवाळीत मी वही उघडून वडे केले. दगड झाले. यजमान काही बोलले नाहीत, मुकाट्याने खाल्ले. मी मात्र स्वयंपाकघरात जाऊन रडले. वाटले, आईंनी काहीतरी सांगायचे ठेवले.

पुष्कळ वर्षांनी एके दिवशी पांढरे बलक फेसताना माझा हात थबकला. वाटलेल्या डाळीच्या परातीपुढे बसून सासूबाई तळहाताने हेच तर करीत होत्या! अर्धा अर्धा तास, एकाच दिशेने. मग वाटीभर पाण्यात पिठाचा थेंब सोडायच्या, तो तरंगला की म्हणायच्या, “आता कढई ठेव गं.” मी ते रोज पाहत होते, आणि रोज दिसते म्हणूनच लिहिले नव्हते. त्यांनी काहीही लपवले नव्हते. मी जिन्नस लिहिले, हात लिहिला नाही.

त्या दिवशी अंडी बाजूला ठेवून मी डाळ भिजत घातली. दुसऱ्या दिवशी वडे झाले. आईंच्यासारखे अगदी नव्हेत, पण तरंगणारे. यजमानांनी एक खाल्ला आणि म्हणाले, “आईची आठवण झाली.”

म्हणून भगिनींनो, वर्धापनदिनाच्या निमित्ताने एक विनंती करते. आपल्या मंडळात सत्तरी-पंच्याहत्तरी ओलांडलेल्या कितीतरी जणी आहेत. त्यांच्या कृती लिहून घ्याव्यात असे आपण नेहमी म्हणतो. जरूर घ्याव्यात, पण वही-पेन्सिल घेऊन समोर नुसते बसू नका. त्यांच्या शेजारी उभ्या राहा. हात कोणत्या दिशेला फिरतो, किती वेळ फिरतो, कोठे थांबतो, तेही लिहा. आणि त्यांनी “त्यात विशेष काही नाही गं, चांगले फेसायचे” असे म्हटले, तर त्या काही लपवत आहेत असे मनात आणू नका. विशेष असते ते त्यातच असते.