फ्रेडरिक रोल्फ

फ्रेडरिक विल्यम रोल्फ (२२ जुलै १८६०, लंडन – २५ ऑक्टोबर १९१३, व्हेनिस) हे इंग्लिश कथाकार, कादंबरीकार, चित्रकार व छायाचित्रकार होते. ‘बॅरन कॉर्व्हो’ या नावाने ते अधिक ओळखले जातात. ‘हेड्रियन द सेव्हन्थ’ (१९०४) ही त्यांची सर्वांत प्रसिद्ध कादंबरी होय. मात्र लेखक म्हणून त्यांना पहिली ओळख मिळवून दिली ती ‘द यलो बुक’ या त्रैमासिकातील लघुकथांनी.

जीवन

रोल्फ यांचा जन्म लंडनमधील चीपसाइड येथे पियानो बनवणाऱ्या कुटुंबात झाला. चौदाव्या वर्षी त्यांनी शाळा सोडली. पुढे काही वर्षे शिक्षकाची नोकरी केली. १८८६ मध्ये त्यांनी रोमन कॅथलिक पंथ स्वीकारला. धर्मगुरू होण्याची त्यांची तीव्र इच्छा होती. परंतु प्रथम इंग्लंडमधील ऑस्कट येथील सेंट मेरीज कॉलेज आणि नंतर रोममधील स्कॉट्स कॉलेज, अशा दोन्ही ठिकाणी त्यांचे शिक्षण अपुरे राहिले. १८९० मध्ये स्कॉट्स कॉलेजमधून त्यांना काढून टाकण्यात आले. हा नकार त्यांनी कधीच मान्य केला नाही. आपल्या नावाचे ‘फ्रेडरिक’ हे पद ते ‘फ्रा.’ असे संक्षिप्त लिहीत, जेणेकरून वाचणाऱ्याला ते ‘फादर’चे लघुरूप वाटावे.

‘बॅरन कॉर्व्हो’ ही पदवी आपल्याला स्फोर्झा-चेझारिनी घराण्यातील डचेसकडून मिळाल्याचे ते सांगत. ‘कॉर्व्हो’ या इटालियन शब्दाचा अर्थ डोमकावळा. १८९८ मध्ये आबर्डीनच्या एका वृत्तपत्राने या पदवीची व त्यांच्या थकलेल्या देण्यांची जाहीर खिल्ली उडवली. त्यानंतरही ते दारिद्र्यातच राहिले. मदत करणाऱ्या मित्राशी काही काळाने भांडण, आणि मग त्या मित्राला उद्देशून लांबलचक, कडवट पत्रे, हा क्रम त्यांच्या आयुष्यात वारंवार दिसतो.

लघुकथेचा काळ

१८९० चे दशक इंग्रजी लघुकथेच्या भरभराटीचे मानले जाते. १८९१ मध्ये सुरू झालेल्या ‘द स्ट्रँड मॅगझिन’ने शेरलॉक होम्सच्या कथा छापून मोठा वाचकवर्ग मिळवला. १८९४ मध्ये म्युडी व स्मिथ या वर्गणी घेऊन पुस्तके देणाऱ्या ग्रंथालयांनी तीन खंडांच्या महाग कादंबऱ्यांसाठी जादा किंमत देण्यास नकार दिला आणि तो प्रकार लवकरच लयाला गेला. त्याच वर्षी जॉन लेन यांच्या प्रकाशनसंस्थेने ‘द यलो बुक’ सुरू केले. हेन्री हार्लंड हे त्याचे साहित्य-संपादक होते. हेन्री जेम्स, एला डार्सी, ह्यूबर्ट क्रॅकनथॉर्प आदींच्या कथा त्यात आल्या. १८९७ पर्यंत त्याचे १३ खंड निघाले.

टोटोच्या कथा

एप्रिल १८९५ मध्ये ऑस्कर वाइल्ड यांना अटक झाली. त्याची झळ ‘द यलो बुक’लाही बसली व चित्रकार ऑब्री बिअर्डस्ली यांना काढून टाकण्यात आले. रोल्फ यांच्या पहिल्या कथा त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये या त्रैमासिकात आल्या. १८९६ अखेरपर्यंत तेथे प्रसिद्ध झालेल्या सहा कथा १८९८ मध्ये ‘स्टोरीज टोटो टोल्ड मी’ या नावाने पुस्तकरूपात आल्या. ‘इन हिज ओन इमेज’ (१९०१) या संग्रहात या सहांसह एकूण ३२ कथा आहेत.

टोटो हा इटलीतील शेतकरी मुलगा आपल्या इंग्रज मालकाला संतांच्या गोष्टी सांगतो. त्याच्या स्वर्गात संत पीटर आणि संत पॉल यांच्यात मानापमान चालतो, एखाद्या देवदूताला खोडी सुचते आणि धर्मसंघांची आपापसांतली चढाओढ तेथेही संपत नाही. संत पीटरच्या आईविषयीच्या इटालियन लोककथेचेही रूपांतर यात आहे. टोटो हे सारे श्रद्धेने सांगतो; त्यामुळे विनोद असूनही उपहास जाणवत नाही.

इटालियन बोलीची घडण इंग्रजी वाक्यात उतरवणे, जुने शब्द वापरणे आणि लॅटिन-ग्रीक धातूंपासून नवे शब्द घडवणे ही रोल्फ यांच्या शैलीची वैशिष्ट्ये आहेत. टोटोच्या कथांत निवेदन दुसऱ्याच्या तोंडी असल्याने लेखकाच्या वैयक्तिक तक्रारींना तेथे फारसा वाव राहत नाही. पुढील कादंबऱ्यांत मात्र त्या मध्यवर्ती होतात.

कादंबऱ्या

‘हेड्रियन द सेव्हन्थ’मध्ये चर्चने नाकारलेला जॉर्ज आर्थर रोज हा गरीब लेखक अनपेक्षितपणे पोप होतो. ‘निकोलस क्रॅब’ या कादंबरीत लेन आणि हार्लंड यांची बोचरी चित्रे आहेत. ती लेखकाच्या मृत्यूनंतर १९५८ मध्ये प्रकाशित झाली. व्हेनिसची पार्श्वभूमी असलेली ‘द डिझायर अँड परस्यूट ऑफ द होल’ १९३४ मध्ये आली.

अखेर आणि पुनर्शोध

१९०८ मध्ये रोल्फ व्हेनिसला गेले आणि अखेरपर्यंत तेथेच राहिले. पैशांअभावी काही काळ त्यांनी उघड्या होडीत काढला. सान मिकेले बेटावरील दफनभूमीत त्यांचे दफन झाले.

ए. जे. ए. सायमन्स यांच्या ‘द क्वेस्ट फॉर कॉर्व्हो’ (१९३४) या पुस्तकामुळे विस्मृतीत गेलेले रोल्फ पुन्हा चर्चेत आले. जन्मापासून मृत्यूपर्यंतचा सरळ आलेख न देता, चरित्रकाराला माहिती कशी मिळत गेली याचीच हकीगत त्यात आहे. त्यामुळे ते चरित्रलेखनाच्या इतिहासातही महत्त्वाचे मानले जाते. पीटर ल्यूक यांनी ‘हेड्रियन द सेव्हन्थ’वर लिहिलेले नाटक १९६८ मध्ये लंडनच्या रंगभूमीवर यशस्वी झाले.