रोजच्या दिवसाचा इतिहास

श्रोतेहो, इतिहास म्हटला की आपल्याला लढाया आठवतात, नाहीतर सनावळी. पण आपल्या पणजीच्या घरी, कणगीचा तळ दिसू लागल्यावर चुलीवर काय शिजत होतं, हे कोणत्या बखरीत सापडेल?

अशा प्रश्नांची उत्तरे शोधणारी दोन पुस्तके १९३३ साली निघाली. एक आपल्याकडचे. नारायण गोविंद चापेकर हे न्यायखात्यातून निवृत्त झालेले गृहस्थ. उल्हास नदीकाठी, ठाणे जिल्ह्यातल्या बदलापुरात ते राहिले आणि त्याच गावावर त्यांनी ग्रंथ लिहिला. त्यात राजेमहाराजे नाहीत. गावची शेती, धंदे, चालीरीती आहेत. पुढे १९३७ साली त्यांनी 'पेशवाईच्या सावलीत' काढले, तेही जुन्या जमाखर्चाच्या कागदांवरून. वाण्याची वही हासुद्धा इतिहासच, हे त्यांनी दाखवून दिलं.

दुसरे पुस्तक ऑस्ट्रियातले. व्हिएन्नाजवळच्या मारिएनथाल गावची कापडगिरणी मंदीत बंद पडली. मारी याहोडा, पॉल लाझार्सफेल्ड आणि हान्स त्साइझेल यांच्या मंडळींनी बेकार गावाचा रोजचा दिवस टिपला. रस्त्यावरची माणसे किती वेगाने चालतात, हे घड्याळ लावून पाहिलं! पुरुष रेंगाळत, थांबत चालायचे. बायकांच्या मागे घरकाम होतंच, त्या झपझप जायच्या. वेळ भरपूर असूनही वाचनालयातून पुस्तके नेणे निम्म्यावर आले. आपल्याला वाटलं असतं, रिकामा माणूस जास्त वाचेल. भत्ता मिळायच्या आदल्या दिवशी तर निम्म्या मुलांच्या शाळेतल्या खाऊत नुसता कोरडा पाव, किंवा तोही नाही. बेकारी म्हणजे काय, हे मला त्या खाऊवरून जेवढं कळलं, तेवढं जाड्या अहवालांवरून कळलं नाही.

आता आपल्या बीडकडे या. त्या साली आपण निजामाच्या राज्यात होतो, कचेरीचा कारभार उर्दूत. सारावसुलीचे कागद मिळतात; पण त्या सालच्या एखाद्या घरच्या जेवणाचं कोणी लिहून ठेवलेलं माझ्या तरी पाहण्यात नाही.

आणि आजचं? दसरा-दिवाळीच्या सुमारास बैलगाड्या, ट्रॅक्टर भरतात, नवराबायकोचा कोयता ऊसतोडीला निघतो, गावात म्हातारी माणसे राहतात. मुकादमाकडून उचल किती घेतली, पट्टा पडल्यावर त्यातली किती फिटली, हा हिशेब कुणाच्या तरी वहीत असतो. पुढच्या हंगामाला नवी वही येते, जुनी रद्दीत जाते.

गुरुजी, तुमची हजेरी चाळून पाहा. कोणतं मूल कोणत्या तारखेला आईबापांबरोबर गेलं, कधी परतलं, की परतलंच नाही, हे त्यात आहे. शेजारी एका वहीत त्या मुलाला विचारून लिहा: फडावर कुठं झोपलास? सकाळी काय खाल्लंस? धाकट्या भावंडाला कोणी सांभाळलं? तारीख मात्र घालायला विसरू नका.