जॉन ब्राइट: तत्त्वं आणि खिसा

एखाद्याची तत्त्वं खरी की सोयीची, हे ओळखायची एक सोपी कसोटी आहे. तत्त्वापायी खिशाला चाट बसायची वेळ आली की तो माणूस काय करतो ते बघायचं. आज ही कसोटी जॉन ब्राइटला लावून बघूया.

ब्राइट जन्मला १८११ मध्ये, इंग्लंडमधल्या लँकेशर परगण्यात, रॉचडेल गावी. घर क्वेकर पंथाचं, वडिलांची सूतगिरणी. पंधरा-सोळाव्या वर्षी शाळा सुटली आणि पोरगा गिरणीत लागला.

त्या वेळी इंग्लंडमध्ये 'कॉर्न लॉ' होते. परदेशी धान्यावर जकात लावायची, म्हणजे देशातल्या जमीनदारांच्या धान्याला चढा भाव मिळतो. भुर्दंड अर्थातच पाव विकत घेऊन खाणाऱ्यांना. १८४१ मध्ये ब्राइटची बायको वारली. तेव्हा भेटायला आलेल्या रिचर्ड कॉबडेनने (हाही कापडछपाईचा कारखानदार) त्याला सांगितलं, की देशात हजारो घरांत माणसं उपासमारीने मरताहेत, दुःखाचा भर ओसरला की माझ्याबरोबर चल. दोघांनी देश पिंजून काढला. १८४३ मध्ये ब्राइट खासदार झाला आणि १८४६ मध्ये हे कायदे रद्द झाले.

झकास! पण विरोधक म्हणायचे, यांना पाव स्वस्त हवाय तो मजुरी कमी देता यावी म्हणून. आरोप कडवट असला तरी एवढं खरं, की इथे तत्त्व आणि धंदा एकाच दिशेला चालले होते. म्हणजे कसोटी लागलीच नाही.

ती लागली १८४७ मध्ये. कापड गिरण्यांतल्या बायका आणि १३ ते १८ वर्षांची मुलं यांना दिवसाला दहा तासच काम, असा कायदा आला. ब्राइटने त्याला कडाडून विरोध केला. कारण काय, तर मालक-मजुरांच्या व्यवहारात सरकारने पडू नये. तर्क सुसंगत होता, पण तो गिरणीमालकाला भलताच सोयीचाही होता. माझ्या मते इथे तो नापास.

मग आलं १८६१. अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, उत्तरेने दक्षिणेच्या बंदरांची नाकेबंदी केली. लँकेशरचा बहुतेक कापूस तिथूनच यायचा, गुलामांनी पिकवलेला. गिरण्या थंडावल्या, लाखो मजूर मदतीच्या रांगेत उभे राहिले. (याच टंचाईने मुंबईत कापसाला सोन्याचा भाव आला आणि प्रेमचंद रायचंदांच्या काळातली ती शेअरबाजाराची तेजी आली. १८६५ मध्ये युद्ध संपलं आणि फुगा फुटला.) इंग्लंडमधल्या बड्या मंडळींपैकी अनेकांचा कल दक्षिणेकडे होता. गिरणीमालक ब्राइट मात्र उत्तरेच्या बाजूने ठाम उभा राहिला, कारण दक्षिण जिंकली तर गुलामगिरी टिकणार होती. १८६५ मध्ये लिंकनचा खून झाला, तेव्हा त्याच्याजवळ वर्तमानपत्रांची काही कात्रणं सापडली. त्यातलं एक ब्राइटने त्याला दिलेल्या पाठिंब्याचं होतं.

म्हणजे अमेरिकेतल्या गुलामासाठी गिरणी पणाला लावणाऱ्या या माणसाला स्वतःच्या गिरणीतल्या मुलीचा अकरावा तास सोडवला नाही. ढोंगी म्हणावं, तर १८६१ आडवं येतं. थोर म्हणावं, तर १८४७. दूरचा अन्याय स्वच्छ दिसतो, पण ज्यावर आपलं घर चालतं तो 'व्यवहार' वाटतो, एवढंच मला यातून कळतं. आणि हे काही फक्त गिरणीमालकांचंच दुखणं नाही, नाही का?