वॉर्सा आणि स्वतंत्रपूर

काशीतला मराठी माणूस अहिल्याबाई घाटाला आपला मानतो. होळकरांच्या अहिल्याबाईंचे नाव त्याला आहे. परवा तिथे बसले होते, डोक्यात मात्र आंद्रेई वायदांचा 'कोर्चाक' (१९९०) घोळत होता.

यानुश कोर्चाक हे वॉर्सातले ज्यू डॉक्टर आणि लेखक. स्वतःची सुटका शक्य असतानाही अनाथाश्रमातल्या सुमारे दोनशे मुलांना सोडायला त्यांनी नकार दिला. ऑगस्ट १९४२ मध्ये मुलांसह त्यांना ट्रेब्लिंकाला नेले. तिथून कोणी परतले नाही. चित्रपटाच्या शेवटी मात्र मुलांचा डबा गाडीपासून सुटतो आणि मुले धुक्यात उतरतात. या शेवटावर मोठा वाद झाला.

त्याच वॉर्सात, ज्यू कुटुंबात १९०१ साली मॉरिस फ्रीडमन जन्मले. इंजिनियर म्हणून ते युद्धापूर्वीच भारतात आले. गांधीजींनी त्यांना 'भारतानंद' म्हटले. औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी प्रजेच्या हाती कारभार सोपवला, त्या प्रयोगात अप्पासाहेब पंतांबरोबर फ्रीडमन होते. १९३९ मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूर उभे राहिले. ही बिनभिंतींची कैद्यांची वसाहत, आणि तिची कल्पना फ्रीडमन यांची. पुढच्याच वर्षी वॉर्सात चार लाखांहून अधिक ज्यूंभोवती भिंत बंद झाली.

व्ही. शांताराम यांच्या 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) मागे स्वतंत्रपूर आहे, हे आपण अभिमानाने सांगतो. फ्रीडमन यांचे नाव क्वचितच घेतो. मुंबईत निसर्गदत्त महाराजांची मराठी संभाषणे त्यांनी इंग्रजीत आणली. ते पुस्तक १९७३ मध्ये निघाले. पुस्तक जगभर गेले, अनुवादक मागे राहिला. माझ्या धंद्यात याचे नवल नाही.

लिहिताना मोह झाला, की फ्रीडमन यांनाच तो सुटलेला डबा ठरवावे : वॉर्सातला एक तरी ज्यू औंधात वाचला, म्हणून गोष्ट गोड करावी. पण ते आले तेव्हा युद्ध सुरू झाले नव्हते. त्यांना कोणी वाचवून आणले नव्हते. स्वतंत्रपुराने ट्रेब्लिंकाचे काहीही फिटत नाही. एका शहरातल्या माणसाने परक्या मुलखात कैद्यांवर विश्वास टाकला, आणि त्याच्याच शहरात मुलांभोवती भिंत उभी राहिली. दोन्ही खरे आहे. इतिहास लिहिणाऱ्याने दोन्ही शेजारी ठेवावे, एकाने दुसऱ्याचे सांत्वन करू नये.

घाटाला बांधणारीचे नाव आहे. आटपाडीचे नाव निघेल तेव्हा फ्रीडमन हे नावही घ्यावे, आणि ते वॉर्सातले ज्यू होते हेही सांगावे.