काळी, पांढरी आणि गावकूस : मराठी वस्तीच्या अवकाशाचा अभ्यास

मराठी गावाच्या जुन्या कागदपत्रांत 'काळी' आणि 'पांढरी' हे दोन शब्द बहुधा जोडीने येतात. काळी म्हणजे लागवडीची जमीन, पांढरी म्हणजे वस्तीची जागा. वरवर पाहता हा केवळ मातीच्या रंगांवरून केलेला भेद वाटतो. परंतु दोन्ही रंगांची उत्पत्ती एका प्रकारची नाही. काळीचा रंग निसर्गाने दिलेला आहे. पांढरीचा रंग माणसाने घडवलेला आहे. पिढ्यान्‌पिढ्या एका ठिकाणी चुली पेटतात, राख पडते, गुरांचे शेण साठते, मातीच्या भिंती उभ्या राहतात, पडतात आणि त्यांच्याच ढिगावर नव्या भिंती चढतात. यातून गावाखालची जमीन उंचावते आणि तिचा रंग पालटतो. माणूस भूमीवर केवळ राहत नाही, आपल्या राहण्याने तो भूमीच बदलतो, हा विचार या एका शब्दात मुरलेला आहे.

रायपूर शहरात 'पंडरी' नावाचा भाग आहे. ते नाव मराठी कानाला ओळखीचे वाटते. मात्र केवळ ध्वनिसाम्यावर व्युत्पत्ती उभारणे शास्त्राला धरून होणार नाही. त्या नावाचा उपयोग येथे एवढाच, की ते एक प्रश्न सुचवते : वस्तीचा अभ्यास कोणत्या अंतरावरून करावा? प्रांताच्या नकाशावरून, की घराच्या उंबरठ्यावरून? मराठी परंपरेने हे दोन्ही मार्ग वेगवेगळ्या काळी चोखाळले आहेत. त्यांची सांगड मात्र क्वचितच घातली गेली आहे.

पांढरीचा सर्वांत जुना हिशेब पुरातत्त्वाने मांडला. महाराष्ट्रात उत्खनन करणाऱ्यांना 'पांढरीची टेकाडे' ही प्राचीन वस्तीची पहिली खूण वाटत आली आहे. पुणे जिल्ह्यातील शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव येथे डेक्कन कॉलेजने १९६८ पासून पुढे दीर्घकाळ उत्खनन केले. ह. धी. सांकलिया, म. के. ढवळीकर आणि झै. दा. अन्सारी यांची नावे या कार्याशी निगडित आहेत. इसवी सनापूर्वी सुमारे १६०० ते ७०० या काळातील शेतकऱ्यांची शंभराहून अधिक घरे येथे उजेडात आली. अभ्यासकांची एक दृष्टी खोऱ्यावर होती. तापी, प्रवरा-गोदावरी आणि भीमा या खोऱ्यांत अनुक्रमे प्रकाशे, दायमाबाद आणि इनामगाव ही मोठी केंद्रे असून लहान वस्त्या त्यांच्याभोवती होत्या, असे चित्र त्यातून निघाले. दुसरी दृष्टी घराच्या जमिनीवर होती. चूल कोठे, बळद कोठे, तान्ह्या मुलाला पुरलेले कुंभ जमिनीखाली कोठे, याची नोंद घेतली गेली.

या दोन दृष्टी एकत्र आल्या तेव्हा इतिहास बोलू लागला. सुबत्तेच्या काळात प्रशस्त चौकोनी घरे होती, पाच खोल्यांचे एक घर होते आणि त्याच्याजवळ धान्याचे कोठार होते. हे घर गावप्रमुखाचे असावे, असा तर्क त्यावरून करण्यात आला. पुराचे पाणी वळवण्यासाठी बांध आणि पाट होता. उत्तर काळात मात्र चौकोनी घरे मागे पडली आणि लहान गोल झोपड्या आल्या. पर्जन्यमान घटले, शेती आक्रसली, शेळ्यामेंढ्यांवरचा भर वाढला, अशी उपपत्ती ढवळीकरांनी मांडली. आकाशातला पाऊस आणि झोपडीचा आकार यांमधला हा दुवा केवळ नकाशा पाहणाऱ्याला सापडला नसता, आणि केवळ चूल मोजणाऱ्यालाही नाही.

वाङ्मयाच्या बाजूने या अभ्यासाचा आरंभ महानुभावांनी केला. श्रीचक्रधरांच्या लीळा म्हाइंभटाने तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात रिद्धपूर येथे संकलित केल्या, तेव्हा स्वामी काय बोलले याइतकेच ते कोठे बोलले, यालाही महत्त्व मिळाले. पटिसाळ, सोंडी, दारवठा, चौक, आवार अशा वास्तुवाचक शब्दांनी 'लीळाचरित्र' भरलेले आहे. पुढे चौदाव्या शतकात मुनिव्यास याने सिद्ध केलेल्या 'स्थानपोथी'त तर व्यक्ती मागे सरते आणि स्थान हाच ग्रंथाचा विषय होतो. कोणत्या गावी, गावाच्या कोणत्या दिशेला, कोणत्या तोंडाचे देऊळ, त्याच्या कोणत्या बाजूस आसन झाले, याची ही नोंद आहे. एका टोकाला गोदावरीचा संपूर्ण काठ आणि दुसऱ्या टोकाला देवळाच्या दाराची डावी-उजवी बाजू, इतका मोठा पल्ला हा ग्रंथ एका दमात गाठतो.

या काटेकोरपणामागे केवळ भाविकता होती असे नव्हे. मधल्या काळात देवगिरीचे यादव राज्य लयाला गेले होते. १२९६ मध्ये अल्लाउद्दीन खिलजीची स्वारी झाली आणि १३१८ पर्यंत यादवांची सत्ता पूर्णपणे संपली. स्वामींना पाहिलेली पिढी निघून गेली होती. स्मरण ज्यांच्या आधारावर उभे होते ती माणसे नाहीशी होत असताना ते स्मरण दगडाला आणि दिशेला बांधून ठेवणे, ही त्या पंथाची ऐतिहासिक निकड होती. स्थानावर ओटा बांधणे, स्थानाशी संबंध आलेला पाषाण जपणे आणि तो सोबत नेणे, या प्रथांचा अर्थही याच संदर्भात लागतो. पंथ पुढे पंजाब आणि काबूलपर्यंत पोहोचला. मूळ भूमीपासून इतक्या दूर गेलेल्या अनुयायाला ओंजळीत मावणारा दगड हाच गोदातीराचा प्रतिनिधी होता. सांकेतिक लिप्यांच्या आवरणामुळे हे वाङ्मय दीर्घकाळ बाहेरच्या वाचकाला बंद राहिले. विसाव्या शतकात वि. भि. कोलते आदी संशोधकांनी ते संपादित केले, आणि ॲन फेल्डहाउस यांनी २००३ च्या 'कनेक्टेड प्लेसेस' या ग्रंथात प्रदेश आणि यात्रा यांच्या विचारात त्याला स्थान दिले.

अव्वल इंग्रजीत अवकाशाकडे पाहण्याची दृष्टी मुळातूनच बदलली. इंदापूर तालुक्यात १८३५-३६ च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी मोजणीचा जो पाया घातला, त्यावर मुंबई इलाख्याची रयतवारी पद्धत उभी राहिली. तेहतीस फुटांची साखळी, तिच्या चौरसाचा गुंठा आणि चाळीस गुंठ्यांचा एकर या मापात शेतन्‌शेत बसवले गेले, त्याला क्रमांक मिळाला, प्रत लागली. परंतु सारा काळीवर होता. म्हणून मोजणी काळीची झाली. पांढरी नकाशावर बहुधा 'गावठाण' या एका अखंड ठिपक्यात उरली. घराघरांची हद्द, बोळ, सामायिक भिंत, पायवाटेचा हक्क हे सारे शेजाऱ्यांच्या स्मरणावर आणि पंचांच्या शब्दावर राहिले. ज्या व्यवस्थेने बांधावरची इंच इंच जमीन टिपली, तिने उंबरठ्याची दखल घेतली नाही.

ही उणीव एका महसुली अधिकाऱ्यानेच भरून काढली, हा योगायोग नव्हे. त्रिंबक नारायण आत्रे यांचा 'गावगाडा' १९१५ मध्ये प्रसिद्ध झाला. सरकारी कामानिमित्त गावोगाव फिरलेल्या या लेखकाने काळी-पांढरीच्या परिभाषेतूनच गाव उलगडले. वतनदार, बलुतेदार आणि फिरस्ते यांच्या परस्परसंबंधांना त्यांनी जागेचा आधार दिला. कोण पांढरीत राहतो, कोण तिच्या कडेला आणि कोण केवळ पाल ठोकून चार दिवस थांबतो, यावर त्याचे हक्क ठरतात, हे 'गावगाडा' वाचताना ठळकपणे जाणवते.

मराठी सत्तेबरोबर गावाकडे पाहण्याची ही रीत महाराष्ट्राबाहेरही गेली. १७४१ मध्ये भास्करराम कोल्हटकरांच्या स्वारीने रतनपूर भोसल्यांच्या अमलाखाली आले. १७५८ पासून बिंबाजी भोसले तेथूनच छत्तीसगडचा कारभार पाहत होते. १८१८ मध्ये इंग्रजी देखरेखीत मुख्य ठाणे रतनपूरहून रायपूरला हलले. १८५४ मध्ये नागपूरचे राज्य खालसा झाले, तेव्हा छत्तीसगडही गेले. तेथे मातीचे वर्गीकरण अधिक सूक्ष्म होते : कन्हार, डोरसा, मटासी, भाटा. 'लाखाबाटा' या पद्धतीने गावातील शेते ठरावीक काळाने पुन्हा वाटली जात, जेणेकरून चांगली-वाईट जमीन सर्वांच्या वाट्याला यावी. म्हणजे तेथे वस्ती स्थिर आणि शेत फिरते होते. काळी ही कायमच्या मालकीची वस्तू मानणाऱ्या मोजणीला हा प्रकार चमत्कारिक वाटला असल्यास नवल नाही. रायपुरातील 'तात्यापारा' या नावात मराठी संबोधन आणि तिकडचा वस्तीवाचक शब्द एकमेकांना चिकटून उभे आहेत. माधवराव सप्र्यांसारखा मराठी माणूस १९०० मध्ये पेंड्राहून 'छत्तीसगढ मित्र' हे हिंदी मासिक काढतो आणि रायपुरातच १९२६ मध्ये देह ठेवतो, हेही त्याच सरमिसळीचे रूप आहे. पंडरीचा कापडबाजार आणि २०२१ पर्यंत तेथे असलेले, पुढे भाटागावला हललेले बसस्थानक यांचाही अर्थ याच दुहेरी रीतीने लावावा लागतो. बाजाराची जागा प्रांताचे रस्ते ठरवतात. त्याचा स्वभाव मात्र दुकानातल्या गादीवर ठरतो.

तथापि काळी आणि पांढरी या जोडीने गावाचे वर्णन पुरे होत नाही. तिसरा शब्द 'गावकूस' हा आहे. 'गाव तिथे महारवाडा' ही म्हण वस्तुस्थितीचे वर्णन करते आणि त्याच वेळी तिला नैसर्गिक ठरवू पाहते. कुसाच्या बाहेरची वस्ती गावाच्या चाकरीसाठी अपरिहार्य आणि गावाच्या सहवासासाठी वर्ज्य मानली गेली. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी खेड्याच्या गौरवीकरणावर जो कठोर आघात केला, त्यामागे कुसाबाहेरून पाहिलेले गाव होते. दया पवारांचे 'बलुतं' १९७८ मध्ये आणि लक्ष्मण माने यांचे 'उपरा' १९८० मध्ये आले, तेव्हा मराठी वाचकाला गावाचा नकाशा उलट बाजूने दिसला. दोन्ही शीर्षके गावातील स्थानाची वाचक आहेत : एक गावाशी बांधलेल्याचे, दुसरे गावात जागाच नसलेल्याचे. 'स्थानपोथी'ला एका दाराची दिशा जितकी मोलाची वाटली, तितकीच येथे पाणवठ्यापर्यंतची पावले मोलाची आहेत. फरक इतकाच, की पहिल्या ठिकाणी अंतर भक्तीने मोजले आहे आणि दुसऱ्या ठिकाणी अपमानाने.

हे सारे प्रश्न ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे एकवटून पुढे आले. किल्लारी परिसरातील भूकंपात सुमारे आठ हजार माणसे मृत्युमुखी पडली. त्यांतील बहुतेकांचा जीव त्यांच्या घरांनीच घेतला. दगडमातीच्या जाड भिंती आणि त्यांवर माळवदाची मातीची छते ही उन्हाळ्यात गारवा देणारी, शतकानुशतके पारखलेली रचना होती. छप्पर गळू नये म्हणून त्यावर वरचेवर नवी माती पडे; ओझे पिढीगणिक वाढत जाई. धाब्यावर घालायची ही माती पुष्कळदा पांढरीचीच असे. ज्या मातीने घर पावसापासून राखले, तीच अंगावर कोसळली.

पुनर्वसनात बावन्न गावे संपूर्णपणे नव्या जागी हलवण्यात आली. वळणावळणांच्या बोळांच्या जागी सरळ रेषांचे रस्ते आखले गेले. घरांचे आकार जमीनधारणेवरून ठरले : भूमिहीन आणि एक हेक्टरपर्यंतच्या कुटुंबांना २५० चौरस फूट, मध्यम धारकांना ४००, सात हेक्टरांच्या वर ७५०. पांढरीचा हिशेब काळीवरून झाला. मागे ज्यांच्याकडे काळी नव्हती त्यांना पांढरीच्या कडेला जागा मिळे. आता त्यांना चौरस फुटांत ती उणी मिळाली. कोणाचाही हेतू वाईट नव्हता. निकष सोपा होता आणि नोंद केवळ काळीचीच उपलब्ध होती. एका शतकातील मोजणीने जे वगळले, त्याची किंमत दुसऱ्या शतकात अशी चुकवावी लागते.

२४ एप्रिल २०२० रोजी सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत ड्रोनच्या साहाय्याने गावठाणांची मोजणी करून मिळकत पत्रिका देण्याचे काम हाती घेतले गेले. पांढरीची ही मोजणी दीर्घकाळ राहून गेलेली होती आणि तिचे महत्त्व निर्विवाद आहे. परंतु आकाशातून छप्पर दिसते. सामायिक भिंतीबद्दलचा शब्द, ओट्यावर बसण्याचा हक्क, कुसाची पुसट झालेली रेघ दिसत नाही. दुसरीकडे, खतासाठी पांढरीची टेकाडे खणून माती शेतांत नेली जाते, आणि हजारो वर्षांची वस्ती काही हंगामांत काळीत मिसळून जाते.

म्हणून साहित्याच्या अभ्यासकालाही या विषयात काम आहे. मोजणीच्या नकाशावर जे उमटत नाही, ते लीळेत, म्हणीत आणि आत्मकथनात उमटलेले असते. आणि या ग्रंथांतील ओसरी, दारवठा, पाणवठा यांचा नेमका अर्थ नकाशा हाती घेतल्याविना लागत नाही. काळी किती, हे सातबारा सांगतो. पांढरीत कोण कोठे राहिले आणि कोणाला तेथे राहू दिले नाही, याचा उतारा मराठी वाङ्मयाने लिहून ठेवला आहे.