कागद नसलेल्या माणसाचे कागद

तेहचिंग श्ये या तैवानी कलावंताच्या वर्षवर्षभर चाललेल्या प्रयोगांची चर्चा बहुधा सहनशक्तीपाशी थांबते. त्यातले मौन आणि एकांत पाहून मराठी वाचकाला व्रत किंवा तप आठवणेही स्वाभाविक आहे. मला मात्र ही कारकीर्द कागदपत्रांच्या अंगाने वाचावीशी वाटते.

श्ये यांचा जन्म १९५०चा. १९७३ साली तैवानमध्ये त्यांनी खिडकीतून खाली उडी मारली, तिची छायाचित्रे काढली आणि दोन्ही घोटे मोडून घेतले. पुढच्याच वर्षी खलाशी म्हणून ते फिलाडेल्फियाजवळ पोहोचले आणि जहाज सोडून न्यूयॉर्कला गेले. तिथे भांडी घासणे, साफसफाई अशी कामे करत ते चौदा वर्षे बेकायदा राहिले. १९७८ साली त्यांनी स्वतःचे छायाचित्र आणि बोटांचे ठसे छापून, आपण इमिग्रेशन खात्याला हवे असल्याचे पत्रकच काढले.

त्याच वर्षी ३० सप्टेंबरला ते ११.५ फूट लांब, ९ फूट रुंद आणि ८ फूट उंच अशा लाकडी पिंजऱ्यात शिरले. वर्षभर बोलणे, वाचणे, लिहिणे बंद. एक मित्र रोज जेवण आणून देई. पिंजऱ्याला सही केलेल्या कागदी मोहरा लावल्या होत्या आणि त्या शाबूत असल्याची ग्वाही वकिलाने दिली. सरकारदरबारी ज्याची नोंद नाही, त्याच्या वर्षाची अशी कायदेशीर नोंद झाली.

दुसऱ्या प्रयोगात (११ एप्रिल १९८० ते ११ एप्रिल १९८१) कारखान्यातले हजेरीचे घड्याळ आले. दर तासाला कार्ड पंच करायचे, रात्रीसुद्धा. प्रत्येक वेळी चित्रफितीची एक चौकट टिपली जाई. ८,७६० पैकी १३३ हजेऱ्या चुकल्या आणि त्यांचाही हिशेब त्यांनी मांडला: ९४ वेळा झोप, २९ वेळा उशीर, १० वेळा घाई. हा तक्ता मला या कारकिर्दीतला सर्वांत बोलका दस्तऐवज वाटतो. पराक्रम मिरवायचा असता, तर चुका झाकता आल्या असत्या. इथे चूकही रुजू होते, कारण विषय वेळ जाण्याचा आहे.

१९८१-८२ मध्ये ते वर्षभर छपराखाली गेले नाहीत. अपवाद एकच, पोलिसांनी पकडून सुमारे १५ तास आत ठेवले तेव्हाचा. १९८३-८४ मध्ये लिंडा मोंटानो या कलावतीबरोबर ते ८ फुटी दोराने बांधलेले राहिले. एकमेकांना स्पर्श मात्र करायचा नाही. त्या वर्षीचे संभाषण ध्वनिफितींवर घेतले, पण फिती कायमच्या मोहरबंद केल्या. नोंद आहे, पण ती ऐकता येत नाही. १९८५-८६ मध्ये तर त्यांनी कलाच वर्ज्य केली. आणि १९८६च्या शेवटच्या दिवसापासून १३ वर्षे कला करायची पण दाखवायची नाही, असे ठरवले.

१९८८ साली माफी मिळून त्यांचे वास्तव्य कायदेशीर झाले. म्हणजे हाती कागद आले, तेव्हा त्यांच्या कलेने कागद देणे थांबवले होते. दोहोंत कार्यकारण जोडता येणार नाही. मौनाची योजना आधीच ठरली होती. पण इतिहास लिहिणाऱ्याने हा क्रम नजरेआड करू नये. २००९ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने त्यांचा पिंजरा मांडला. त्या पिंजऱ्याइतकेच ते १३ कोरे उन्हाळे-हिवाळे या कारकिर्दीचा भाग आहेत, आणि ते कोणत्याही दालनात मांडता येत नाहीत.